काकडीचा वेल : काय खुडावे, काय राखावे

भात कापून झाले, झोडणी आटोपली, की डहाणू आणि तलासरी तालुक्यांतील अनेक आदिवासी कुटुंबांपुढे दरवर्षी एकच प्रश्न उभा राहतो. गावात राहावयाचे, की वसई-भिवंडीकडील वीटभट्ट्यांची आणि बांधकामांची, नाही तर उंबरगाव-वापीकडील कारखान्यांची वाट धरावयाची? पावसाळ्यात या भागात पाण्याला तोटा नसतो. परंतु डोंगरउतारावरून ते पाणी जसे येते तसेच खाडीला जाऊन मिळते, आणि एकपिकी भाताचे खाचर मार्गशीर्षापासून उघडे पडते. ज्याच्या जमिनीलगत ओढा वाहतो, बंधाऱ्याचे पाणी अडले आहे, विहीर आहे, किंवा सूर्या प्रकल्पाचा कालवा ज्याच्या बांधापर्यंत पोहोचला आहे, त्याला मात्र दुसरा मार्ग मोकळा असतो. पाच-दहा गुंठे भाजीपाला नीट साधला, तर घरातील माणसे घरी राहतात आणि मुलांची शाळा सुटत नाही.

अशा भाजीपाल्यात काकडीला मोठे स्थान आहे, कारण ती लवकर पैसा देते. बी टोकल्यापासून साधारणतः पंचेचाळीस ते पन्नास दिवसांत पहिली तोडणी सुरू होते. मुंबई-अहमदाबाद महामार्ग दोन्ही तालुक्यांतून जातो व डहाणू रोड हे पश्चिम रेल्वेचे स्थानक आहे. त्यामुळे सकाळी तोडलेला माल ताजा असतानाच बाजारास पोहोचविणे शक्य होते. शिवाय काकडी या भागास परकी नाही. घराच्या कुडावर आणि वरकस जमिनीवर पावसाळ्यात वेल सोडण्याची रीत जुनी आहे, आणि दिवाळीच्या सुमारास काकडीचा कीस व तांदळाचे पीठ एकत्र करून पानात उकडलेले सावेले अनेक वारली घरांतून होतात. तथापि परसातील वेल आणि विक्रीचा वेल यांत फरक आहे. परसातील वेलाला त्याच्या मर्जीप्रमाणे वाढू दिले तरी घरापुरती फळे मिळतात. विक्रीच्या पिकात मात्र वेलाने काय वाढवावे आणि काय सोडावे हे शेतकऱ्याने ठरवावे लागते. छाटणी म्हणतात ती हीच.

या छाटणीविषयी अलीकडे परस्परविरोधी सल्ले शेतकऱ्यांच्या कानी पडतात. एक म्हणतो, सर्व बगलफुटी काढून टाका आणि एकच खोड वर चढवा. दुसरा म्हणतो, शेंडा खुडा आणि बगलफुटी वाढू द्या. दोघेही आपापल्या जागी खरे आहेत. पण ते दोन निरनिराळ्या प्रकारच्या काकडीविषयी बोलत असतात, आणि हे ध्यानात न घेता एकाचा सल्ला दुसऱ्याच्या वेलावर चालविला, तर अर्धा हंगाम हातचा जातो. म्हणून नखाने पहिली फूट खुडण्यापूर्वी आपला वेल फुलतो कसा, हे पाहणे अगत्याचे आहे.

आपल्याकडील बहुतेक देशी व सुधारित वाणांत एकाच वेलावर नर आणि मादी अशी दोन्ही प्रकारची फुले येतात. नर फूल बारीक देठावर, बहुधा झुबक्यांनी येते. मादी फुलाच्या मागे बोटाच्या पेराएवढी इवलीशी काकडी आरंभापासूनच दिसते. पुणे खिरा, राहुरीच्या महात्मा फुले कृषि विद्यापीठाची हिमांगी, तसेच कोकणातील जास्त पावसाच्या आणि हलक्या, उताराच्या जमिनींसाठी शिफारस केलेली शीतल, हे याच प्रकारात मोडतात. या वेलांच्या मुख्य खोडावर खालच्या पेरांतून प्रथम नर फुलेच येतात, मादी फुले त्यानंतर काही दिवसांनी दिसू लागतात. अनेक शेतकरी ही पहिली पिवळी फुले गळताना पाहून घाबरतात आणि औषधाच्या दुकानाकडे धाव घेतात. ती नर फुले आहेत, त्यांचे काम संपले की ती गळणारच. खरी गोष्ट पुढेच आहे. मादी फुलांचे प्रमाण मुख्य खोडापेक्षा बगलफुटींवर अधिक असते. तेव्हा अशा वेलाच्या सर्व बगलफुटी काढून टाकणे म्हणजे फळाची जागाच काढून टाकणे होय.

दुसरा प्रकार संकरित वाणांचा. यांतील काहींच्या वेलावर जवळजवळ सर्व फुले मादीच येतात, आणि ती मुख्य खोडाच्या प्रत्येक पेराशी येतात. बियाण्याच्या पाकिटावर अशा वाणास ‘गायनोशियस’ म्हटलेले असते. त्यांतही काही वाण परागसिंचनाशिवाय, बीविरहित फळ धरतात. त्यांस ‘पार्थेनोकार्पिक’ म्हणतात, आणि हरितगृहात किंवा शेडनेटमध्ये लावण्याची काकडी ती हीच. खोडावरच पेरापेराला फळ लागत असल्यामुळे तिच्या बगलफुटी काढून एकच खोड दोरीवर चढविणे योग्य ठरते. एकखोडी छाटणीचा सल्ला मूळचा या काकडीचा आहे. तो जसाच्या तसा उघड्या शेतातील शीतल किंवा हिमांगीस लावणे ही चूक आहे.

डहाणू तालुक्यात, विशेषतः वाणगावच्या बाजूस, मिरची आणि सिमला मिरची घेणारे शेतकरी पुष्कळ आहेत आणि जाळीगृहेही उभी आहेत. मिरचीच्या पाठोपाठ त्याच जाळीत काकडी घ्यावी असा विचार मनात येणे स्वाभाविक आहे. परंतु बंद जाळीत मधमाशीला वाट नसते. तेथे नर-मादी दोन्ही फुलांचा साधा वाण लावला, तर वेल हिरवागार चढतो, फुलांनी भरतो आणि मागच्या इवल्या काकड्या पिवळ्या पडून गळतात. दोष खताचा नसतो, पाण्याचाही नसतो. माशी आत येत नाही, एवढेच कारण. उलटपक्षी बीविरहित वाण उघड्यावर लावून त्याच्या फुलांवर माश्यांनी दुसऱ्या काकडीचे पराग आणले, तर फळात बी धरून ते एका टोकास फुगते आणि बाजारात मागे पडते. म्हणून पाकिटावर काय लिहिले आहे ते वाचावे, वाचता येत नसेल तर मुलांकडून किंवा गावच्या कृषी कर्मचाऱ्याकडून वाचवून घ्यावे, आणि पाकीट व पावती हंगाम संपेपर्यंत जपून ठेवावी.

आता उघड्या शेतातील, ताटीवर चढविलेल्या साध्या वाणाची छाटणी पाहू. बहुतांश शेतकऱ्यांचे पीक तेच असते.

ताटीसाठी बाहेरून सामान आणण्याची फारशी गरज नाही. घरचे बांबू उभे करून वर एक तार किंवा बळकट दोरी ताणावी आणि प्रत्येक वेलासाठी सुतळी खाली सोडावी. ताटीची उंची पाच ते सहा फूट पुरे. त्याहून उंच केल्यास तोडणीसाठी हात पोहोचत नाही आणि वरची फळे जून होतात. दोन ओळींत दीड मीटर व दोन वेलांत साठ सेंटिमीटर अंतर ठेवल्यास एका गुंठ्यात सुमारे एकशे दहा वेल बसतात. पावसाळी पिकात ओळींची दिशा वारा आरपार खेळेल अशी असावी.

वेलाला पाच-सहा पाने फुटली की त्यास सुतळीचा आधार द्यावा. सुतळी खोडाभोवती सैल वेढावी, गाठ आवळू नये, कारण खोड पुढे जाड होते. येथून छाटणीस आरंभ होतो. जमिनीपासून पहिल्या चार-पाच पानांपर्यंत, म्हणजे साधारण एक ते दीड फुटापर्यंत, येणाऱ्या बगलफुटी खुडून टाकाव्यात. त्या उंचीवर लागलेली एखाददुसरी कोवळी काकडीही काढावी. ही गोष्ट शेतकऱ्याच्या जिवावर येते. पहिले फळ कोण तोडून टाकील! परंतु त्या वेळी वेलाची मुळे अजून पसरलेली नसतात आणि पानेही थोडी असतात. ते एक फळ पोसण्यात वेल खुजा राहतो आणि पुढची अनेक फळे मार खातात. शिवाय इतक्या खाली लागलेले फळ ओल्या मातीस टेकते, वाकडे होते किंवा कुजते. पाने मात्र या वेळी काढू नयेत, तीच वेलाची भाकरी भाजणारी चूल आहे.

दीड फुटाच्या वर बगलफुटी ठेवाव्यात, पण मोकाट सोडू नयेत. बगलफुटीवर मादी फूल दिसून फळ धरले, की त्या फळाच्या पुढे दोन पाने राखून शेंडा खुडावा. ही दोन पाने महत्त्वाची आहेत. फळाला लागणारे अन्न मुख्यतः त्याच्या जवळच्या पानांतून येते. फळाच्या अगदी पुढेच फूट तोडली तर ते फळ उघडे पडते आणि सावकाश भरते. मुख्य खोड ताटीच्या माथ्यावर पोहोचले की त्याचाही शेंडा खुडावा. मग वरच्या दोन-तीन बगलफुटी जोराने निघतात. त्यांना तारेवरून खाली लोंबू द्यावे, कारण उत्तरार्धातील बरेचसे पीक त्यांच्यावर येते.

खुडण्याची वेळ आणि रीत यांवरही पुष्कळ अवलंबून आहे. बगलफूट दोन-तीन इंचांची असताना ती नखाने किंवा बोटाने सहज मोडते, जखम लहान राहते व लवकर सुकते. तीच हातभर वाढू दिली, तर कोयती लागते. एवढी पाने वेलावर एकदम गमावण्याची वेळ येते आणि मोठ्या जखमेतून रोग शिरतो. म्हणून आठवड्यातून दोनदा फेरी मारावी. सकाळचे दव सुकल्यावर, उन्हाच्या आत, हे काम करावे. पावसाच्या सरी चालू असताना किंवा पाने ओली असताना वेलास हात लावू नये.

पाने आखडलेली, हिरव्या-पिवळ्या ठिपक्यांची आणि फळे खरबरीत गाठींची दिसू लागली, तर तो केवडा-मोझॅकचा विषाणुरोग असण्याचा संभव असतो. मावा तो पसरवितो, आणि रसाने भरलेले हात व हत्यारही काही विषाणू एका वेलावरून दुसऱ्यावर नेतात. एकाच कोयतीने सबंध ओळ कापीत जाणारा माणूस नकळत रोगाची पेरणी करीत असतो. आधी निरोगी ओळींचे काम करावे, संशयित वेल सर्वांत शेवटी घ्यावेत, आणि मधून मधून हात व हत्यार साबणाच्या पाण्याने धुवावे. जो वेल निश्चित रोगट आहे त्याची छाटणी करण्यात अर्थ नाही. तो मुळासकट उपटून शेताबाहेर न्यावा.

पावसाळ्यात या भागात काकडीचा मोठा शत्रू म्हणजे केवडा, ज्यास तंतुभुरी असेही म्हणतात. पानांच्या वरच्या बाजूस शिरांमध्ये कोनाकृती पिवळे डाग पडतात आणि खालच्या बाजूस करडी-जांभळट बुरशी दिसते. पान जितका वेळ ओले राहते, तितका हा रोग फोफावतो. येथे छाटणीचा खरा उपयोग दिसून येतो. तळाची पिवळी पडलेली, मातीने माखलेली पाने काढली आणि बगलफुटींची गर्दी मोडली, म्हणजे वारा खेळतो व पाने लवकर सुकतात. फवारणी करावयाची झाल्यास औषधही आतपर्यंत पोहोचते. तथापि एका फेरीत दोन-तीन पानांपेक्षा अधिक काढू नयेत, आणि ज्या पानाजवळ फळ भरत आहे ते पान, त्याच्यावर डाग असला तरी, फळ तोडीपर्यंत शक्यतो राखावे.

उन्हाळी पिकास हाच नियम लावू नये. जानेवारी-फेब्रुवारीत लावलेला वेल मार्च-एप्रिलच्या उन्हात फळ देतो. तेव्हा पानांची सावली हेच फळाचे छत्र असते. पाने विरळ केली तर फळाची उन्हाकडील बाजू पिवळी, चामड्यासारखी होते. उन्हाळ्यात तळाच्या बगलफुटी काढाव्यात, शेंडे खुडावेत आणि तेथेच थांबावे. पाण्याची पाळी या काळात चुकली तर फळे कडू होतात. काकडीचे देठाकडील टोक कापून घासले की कडूपणा उतरतो, असा घरोघरी समज आहे. कडू द्रव्य देठाकडे अधिक असल्यामुळे ते टोक कापून टाकण्याचा उपयोग होतो खरा, परंतु घासण्याने शेतातील पाण्याची उणीव भरून निघत नाही.

भाताच्या खाचरात उरलेल्या ओलीवर जमिनीवरच वेल पसरविणारे शेतकरीही आहेत. त्यांच्याकडे ताटी नसते, म्हणून वरील बहुतेक मेहनत त्यांना लागू नाही. वेल जोमदार असेल तर पाच-सहा पानांवर मुख्य शेंडा एकदा खुडावा, म्हणजे बगलफुटी लवकर निघतात. पहिले फळ काही दिवस उशिरा येते, हे मात्र ध्यानात ठेवावे. वेल दुबळा असेल किंवा ओल कमी असेल तर काहीही खुडू नये. फळाखाली भाताचा पेंढा घातला तरी पुष्कळ नुकसान टळते.

काकडीचे परागसिंचन मधमाश्या करतात. मादी फूल एकच दिवस उमलते, आणि सकाळच्या वेळी माश्यांच्या अनेक फेऱ्या त्यावर झाल्या तरच फळ सरळ व भरीव होते. पराग अपुरे पडले की फळ मध्ये आवळते किंवा टोकास बारीक राहते. म्हणून नर फुले निरुपयोगी समजून सरसकट खुडू नयेत, आणि कीटकनाशकाची फवारणी सकाळी कधीही करू नये. ती संध्याकाळी, फुले मिटल्यावर करावी.

फळमाशीचा उपद्रव दोन्ही तालुक्यांत असतो. वेलवर्गीय पिकांतील फळमाशीसाठी ‘क्यू ल्यूर’ हे आमिष असलेले सापळे लावावे लागतात. आंब्याच्या बागेतील मिथाइल युजेनॉलचा सापळा येथे लावून काही साधत नाही, कारण त्याने आकर्षित होणारी माशी निराळी आहे. बागायतदाराकडून उसना आणलेला सापळा काकडीत टांगलेला पाहिल्यास कार्यकर्त्याने ही गोष्ट समजावून सांगावी. डंख झालेली फळे बांधावर फेकू नयेत, खोल खड्ड्यात पुरावीत.

आणि एक छाटणी अशी आहे, जिला कोणी छाटणी म्हणत नाही. ती म्हणजे वेळेवरची तोडणी. वेलावर एक काकडी जून होऊन तिच्यात बी भरू लागले, की वेलाची शक्ती तिच्याकडे वळते आणि पुढची कोवळी फळे पिवळी पडून गळतात. दिवसाआड तोडणी करणारा शेतकरी वेलाला पुन्हा फळ धरावयास लावतो. आठवडी बाजाराची वाट पाहत फळे वेलावरच राखणारा दोन्हीकडून तोट्यात जातो. पानांआड दडलेले फळ शोधावे, आणि ते देठासह कापावे. ओढून तोडल्यास वेल सुतळीवरून निसटतो.

इतके करून उत्पन्न वाढतेच काय? याचे उत्तर सरळ द्यावयास हवे. उघड्या शेतातील साध्या वाणात बेताची छाटणी केल्याने एकूण वजन दरवेळी वाढेलच असे नाही, आणि अति छाटणीने ते निश्चित घटते. लाभ होतो तो सरळ, स्वच्छ, एकसारख्या मालाच्या रूपाने, तोडणीच्या सोयीने आणि पावसाळ्यात वेल अधिक दिवस टिकल्याने. दुसऱ्या पारड्यात मजुरी आहे. पाच गुंठ्यांत साडेपाचशे वेल धरले आणि दर वेलास अर्धे मिनिट लागले, तर एका फेरीस साडेचार तासांहून अधिक वेळ लागतो. घरची दोन माणसे ते काम सकाळी अडीच तासांत आटोपतात. मजूर लावून दहा-वीस गुंठ्यांवर ते करावयाचे, तर मालाला मिळणारा जादा दर तो खर्च भरून काढतो किंवा नाही, हे आधी पाहिले पाहिजे.

ते पाहण्याची रीत सोपी आहे. शेताच्या मध्यावरील दोन शेजारच्या ओळी निवडाव्यात, दोन्हींत वेलांची संख्या सारखी ठेवावी. एकीची वरीलप्रमाणे छाटणी करावी, दुसरी नुसती ताटीवर बांधावी. खत, पाणी, फवारणी दोन्हींना एकच. पहिल्या तोडणीपासून शेवटच्या तोडणीपर्यंत दोन्ही ओळींचा माल वेगवेगळ्या टोपल्यांत काढावा, चांगला व हलका निवडून वजन करावे आणि मुलांच्या वहीत तारीखवार मांडावे. बाजारात मिळालेला दरही त्यासमोर लिहावा. अशी वही गावात एक जरी तयार झाली, तरी शेजारी तीवर जितका विश्वास ठेवतील तितका छापील पत्रकावर ठेवणार नाहीत. गावपातळीवरील कार्यकर्त्याने पहिल्या दोन फेऱ्या शेतकऱ्याबरोबर स्वतः कराव्यात. घरातील स्त्रियांना बरोबर घ्यावे, कारण बहुतेक ठिकाणी खुडणे आणि तोडणे त्यांच्याच हातून होते. वाणाविषयी अथवा रोगाविषयी शंका असल्यास डहाणू तालुक्यातील कोसबाड टेकडीवर गोखले एज्युकेशन सोसायटीचे कृषि विज्ञान केंद्र आहे. तेथे रोगट पान ताजे असतानाच कागदात गुंडाळून न्यावे.

हंगाम संपत आला की साध्या वाणाच्या, निरोगी आणि चांगली फळे दिलेल्या दोन-तीन वेलांवर एकेक फळ पिकण्यासाठी राखावे. ते पिवळे-तांबूस होऊन देठ सुकला म्हणजे काढावे, बी धुऊन सावलीत वाळवावे व राखेत घालून कोरड्या जागी ठेवावे. शेजारी दुसरा वाण असल्यास माश्यांमुळे मिसळ होते, हे धरून चालावे. संकरित वाणाचे बी मात्र राखू नये, ते पुढच्या वर्षी मूळच्यासारखे उतरत नाही. बाकीचे वेल सुतळीवरून उतरवून रोगट असल्यास जाळावेत, निरोगी असल्यास खताच्या खड्ड्यात घालावेत. बांबू उपटून कोरड्यात रचून ठेवावेत, आणि त्या जागी लगेच कारली, दुधी किंवा शिराळी न लावता चवळीसारखे निराळ्या कुळाचे पीक घ्यावे.